यिर्झी त्रन्का : न हलणाऱ्या चेहऱ्यांचा दिग्दर्शक

शिसवी

यिर्झी त्रन्का यांचा ‘हात’ हा बाहुल्यांचा अठरा मिनिटांचा चेक लघुपट मी पहिल्यांदा पाहिला, तेव्हा तो संपल्यावर माझ्या मनात राहिला तो त्यातल्या कुंभाराचा चेहरा. विदूषकासारखा वेश केलेला हा छोटा कुंभार एका खोलीत राहतो, आपल्या एकुलत्या एका रोपट्याला जपतो आणि त्याच्यासाठी चाकावर कुंडी घडवत बसतो. पुढच्या काही मिनिटांत तो आनंदतो, वैतागतो, घाबरतो, थकतो, आणि हे सारे मला त्याच्या चेहऱ्यावर स्पष्ट दिसले होते. दुसऱ्यांदा पाहताना लक्षात आले की ते रंगवलेले डोळे आणि ते ओठ आरंभापासून अखेरपर्यंत जसेच्या तसे आहेत. सेकंदाला २४ चौकटी (फ्रेम) धरल्या तर अठरा मिनिटांत २५,९२० चौकटी होतात. इतक्या चौकटींमध्ये चेहरा न बदलता माणसाचे सगळे आयुष्य दाखवण्याची ही विद्या त्रन्का यांनी कुठून आणली, या प्रश्नामागे गेल्यावर त्यांची सगळी कारकीर्दच उलगडत गेली. तीच येथे मांडतो.

यिर्झी त्रन्का यांचा जन्म २४ फेब्रुवारी १९१२ रोजी पश्चिम बोहेमियातील प्लझेन या गावी झाला. बिअरमुळे जगाला हे गाव पिल्सेन या नावाने ठाऊक आहे. वडील नळकाम करणारे, आई शिवणकाम करणारी. लाकूड तासून बाहुल्या करण्याचा आणि सवंगड्यांना त्यांचे खेळ दाखवण्याचा नाद लहानपणापासूनचा. शाळेत त्यांना योसेफ स्कुपा हे चित्रकलेचे शिक्षक लाभले, आणि हेच स्कुपा चेक बाहुलीनाट्यातले त्या काळचे सर्वांत मोठे नाव होते. स्पेबल हा हेकट बाप आणि हुर्वीनेक हा त्याचा चौकस मुलगा या त्यांच्या दोन बाहुल्या आजही चेक घराघरांत माहीत आहेत. पोराने चित्रकार व्हावे हे त्रन्का यांच्या घरच्यांना पटत नव्हते. त्यांची समजूत काढली ती स्कुपांनी, आणि म्हणून १९२९ मध्ये त्रन्का प्रागच्या उपयोजित कला विद्यालयात दाखल होऊ शकले. तेथून बाहेर पडल्यावर १९३६ साली त्यांनी प्रागमध्ये स्वतःचे ‘लाकडी नाट्यगृह’ काढले, पण ते फार काळ टिकले नाही. जर्मन सत्तेखालची युद्धाची वर्षे त्यांनी नाटकांचे नेपथ्य करण्यात आणि मुलांच्या पुस्तकांसाठी चित्रे काढण्यात घालवली.

१९४५ च्या ऑगस्टमध्ये चेकोस्लोव्हाकियातील चित्रपटव्यवसायाचे राष्ट्रीयीकरण झाले. प्रागमध्ये अ‍ॅनिमेशन करणाऱ्या तरुणांचा एक गट होता आणि त्यांना एक कलादिग्दर्शक हवा होता. त्यांनी त्रन्का यांना बोलावले. एदुआर्द हॉफमन आणि यिर्झी ब्रदेचका हे या स्टुडिओच्या उभारणीतले त्यांचे सोबती. स्टुडिओचे नाव ‘ब्रात्रशी फ त्रिकू’ असे ठेवले गेले आणि त्यात एक श्लेष आहे: चित्रपटातली युक्ती आणि अंगात घालायचा बनियन या दोन्ही गोष्टी ‘त्रिकू’ या एका शब्दातून सूचित होतात. म्हणून त्यांच्या बोधचिन्हात पट्ट्यापट्ट्यांचे बनियन घातलेली तीन पोरे आहेत. ते चिन्ह काढणारे झ्देनेक मिलेर पुढे ‘छोटा चिचुंदर’ या मालिकेमुळे जगभरच्या मुलांना माहीत झाले.

पहिल्या वर्षभरात त्रन्का यांनी रेखाचित्रांचे चार लघुपट केले. आजोबांनी लावलेल्या सलगमाची लोककथा हा पहिला. दुसरा, ‘प्राणी आणि दरोडेखोर’, १९४६ च्या पहिल्या कान चित्रपट महोत्सवात पारितोषिक मिळवून गेला. पायात स्प्रिंगा लावून नाझींना चकवणाऱ्या धुराडे साफ करणाऱ्याची गोष्ट हा तिसरा, आणि ‘भेटवस्तू’ हा चौथा. हे लघुपट आज पाहिले तरी ताजे वाटतात. कुठल्याही स्टुडिओने अशा माणसाला त्याच वाटेवर ठेवले असते आणि त्यालाही तेथे सुखाने राहता आले असते. त्रन्का मात्र १९४६ च्या शरद ऋतूत रेखाचित्रे सोडून बाहुल्यांकडे वळले.

या निर्णयाचे कारण मला सर्वांत महत्त्वाचे वाटते. रेखाचित्रांच्या अ‍ॅनिमेशनमध्ये मुख्य चित्रकाराची रेषा कागदावरून पारदर्शक सेल्युलॉइडच्या तावावर दुसरे कोणी गिरवते, तिसरे कोणी रंग भरते, मधल्या अवस्था चौथे कोणी काढते. पडद्यावर पोहोचेपर्यंत त्या रेषेतला थरथरता जिवंतपणा झिजून जातो. त्रन्का हे मुळात चित्रकार होते आणि हाताने लाकूड कोरणारे होते. आपण घडवलेली वस्तू स्वतः कॅमेऱ्यासमोर उभी राहिली पाहिजे, तिची नक्कल नव्हे, अशी त्यांची ओढ होती. बाहुलीपटात ते शक्य होते.

१९४७ साली ‘श्पालीचेक’ हा त्यांचा पहिला पूर्ण लांबीचा बाहुलीपट आला. शिमग्यासारखा ‘मासोपुस्त’ उत्सव, वसंत, संत प्रोकोप यांची आख्यायिका, जत्रा, सुगीनंतरची मेजवानी आणि येशूजन्माचा देखावा अशा सहा भागांत चेक खेड्याचे वर्ष त्यात उलगडते. पुढच्या वर्षी अँडरसनच्या कथेवरचा ‘सम्राटाचा बुलबुल’ तयार झाला. जिवंत पक्ष्याऐवजी किल्लीच्या पक्ष्यावर भाळणारा, नियमांनी जखडलेला सम्राट आणि त्याचा दरबार त्यांनी एका आजारी मुलाच्या स्वप्नात बसवला. त्याच वर्षी फेब्रुवारीत कम्युनिस्टांनी प्रागमधील सत्ता पूर्णपणे हाती घेतली होती. अमेरिकेत हा चित्रपट भयपटांतले नट बोरिस कार्लोफ यांच्या निवेदनासह दाखवला गेला.

पुढच्या दहा वर्षांची यादी मी थोडक्यात देतो, कारण प्रत्येकावर स्वतंत्र धागा काढता येईल. चेकॉव्हच्या कथेवरचा लघुपट आणि अमेरिकन काऊबॉयपटांची गोड टिंगल करणारा ‘माळरानाचे गाणे’, दोन्ही १९४९ चे. बोझेना न्येमत्सोवा यांच्या परीकथेवरून ‘बयाया’, १९५०. अलोइस यिरासेक यांनी लिहिलेल्या दंतकथांवरून ‘जुन्या चेक आख्यायिका’, १९५३. बाहुल्यांच्या तोंडी संवाद देण्याचा प्रश्न त्रन्का यांच्यापुढे प्रथमच मोठ्या प्रमाणावर उभा राहिला तो येथे. मग यारोस्लाव हाशेक यांच्या कादंबरीवरचा ‘शूर शिपाई श्वेक’, ज्याला नट आणि लेखक यान वेरिख यांचा आवाज लाभला. आणि १९५९ साली शेक्सपिअरचे ‘मिडसमर नाइट्स ड्रीम’, रुंद पडद्यासाठी, जवळजवळ मूकनाट्य आणि बॅले यांच्या अंगाने केलेले. या बहुतेक सगळ्यांना संगीत वात्स्लाव त्रोयान यांचे आहे, आणि ते संगीत वगळून या चित्रपटांविषयी बोलणे अपुरे ठरेल. जेथे ओठ हलत नाहीत तेथे बाहुलीचा श्वास त्रोयान यांच्या वाद्यवृंदातून ऐकू येतो.

साठच्या दशकात सूर बदलतो. ‘सायबरनेटिक आजी’ या १९६२ च्या लघुपटात नातीच्या खऱ्या आजीची जागा एक यंत्र घेते. ‘हात’ १९६५ चा. कुंभाराच्या खोलीत एक भलामोठा मानवी हात शिरतो आणि कुंड्या सोडून माझा पुतळा घडव असे फर्मावतो. विनवणी, दूरध्वनी, वर्तमानपत्र, दूरचित्रवाणी, जाळीदार मोज्यातले लाडिक बोट, आणि शेवटी बळजबरी. पिंजऱ्यात बसून, दोऱ्यांनी बांधलेल्या हातांनी कुंभार दगडात तो हात कोरतो. तो पळून घरी येतो, तेथेच मरतो, आणि तोच हात त्याला पदके लावून सरकारी इतमामात निरोप देतो.

त्रन्का यांचा हा शेवटचा चित्रपट ठरला. ३० डिसेंबर १९६९ रोजी, वयाच्या ५७ व्या वर्षी, प्रागमध्ये त्यांचे निधन झाले. प्लझेनमधील त्यांच्या अंत्ययात्रेला मोठा जनसमुदाय लोटला होता. चेकोस्लोव्हाकियात सोव्हिएत रणगाडे घुसून तेव्हा सोळा महिने झाले होते. त्यानंतर ‘हात’च्या प्रती जप्त झाल्या आणि सुमारे वीस वर्षे हा चित्रपट त्यांच्या देशात बंदीत राहिला.

त्यांना ‘पूर्वेचे डिस्ने’ म्हणण्याची पाश्चात्त्य समीक्षकांची सवय मला पटत नाही. डिस्नेच्या चेहऱ्यांवर सतत काहीतरी घडत असते. त्रन्का यांच्या चेहऱ्यावर काहीही घडत नाही, आणि प्रेक्षकाला ते स्वतःच्या मनात घडवावे लागते. आपणांपैकी ज्यांनी त्यांचे काम पाहिले आहे त्यांनी आपले मत अवश्य लिहावे.

कळसूत्री

अत्यंत सुंदर लेख. योसेफ स्कुपांविषयी थोडी भर घालतो. त्यांना १९४४ च्या आरंभी गेस्टापोने, म्हणजे नाझींच्या गुप्त पोलिसांनी, अटक केली होती आणि ते ड्रेस्डेनच्या तुरुंगात होते. फेब्रुवारी १९४५ मधील बॉम्बवर्षावात तुरुंग पेटला तेव्हा ते तेथून निसटून घरी पोहोचले. चेक लोकांच्या मनात बाहुली ही मुलांच्या करमणुकीपुरती वस्तू का नाही, हे अशा प्रसंगांवरून कळते. जर्मन ही राजदरबाराची भाषा होती तेव्हा गावोगाव फिरणाऱ्या बाहुलीवाल्यांनी चेक भाषेतले खेळ जिवंत ठेवले, हा त्यांच्या राष्ट्रीय स्मृतीचा भाग आहे. २०१६ साली युनेस्कोने चेक आणि स्लोव्हाक बाहुलीकलेला अमूर्त वारशाच्या यादीत स्थान दिले.

आपल्याकडे सिंधुदुर्गातील पिंगुळीच्या ठाकर समाजाने कळसूत्री बाहुल्या आणि चित्रकथी अशाच पिढ्यान्‌पिढ्या सांभाळल्या आहेत, आणि परशुराम गंगावणे यांना २०२१ मध्ये मिळालेल्या पद्मश्रीमुळे तिकडे थोडे लक्ष वळले. पिंगुळीच्या बाहुल्यांचे चेहरेही कोरलेले आणि स्थिर असतात. रावणाचा क्रोध दाखवायचा तर सूत्रधार आपला आवाज आणि दोरीचा झटका यांवर भिस्त ठेवतो. याउलट पाध्ये कुटुंबाचे अर्धवटराव पाहिले तर तेथे हलणारा जबडा हाच बाहुलीचा प्राण आहे. म्हणजे स्कुपांच्या बोलघेवड्या बापलेकांच्या शाळेत शिकून त्रन्का मात्र न बोलणाऱ्या बाहुलीकडे गेले. मला यात गुरूविषयीचा अनादर दिसत नाही. रंगमंचावरच्या बाहुलीमागे जिवंत माणसाचा आवाज असतो, कॅमेऱ्यासमोरची बाहुली एकटी असते, हा फरक त्यांनी ओळखला होता.

शिसवी

कळसूत्री, मनापासून आभार. ‘कॅमेऱ्यासमोरची बाहुली एकटी असते’ हे आपले वाक्य मूळ लेखात असायला हवे होते.

तिसरी घंटा

लेख अभ्यासपूर्ण आहे, तरी एका मुद्द्यावर मी स्पष्ट असहमती नोंदवू इच्छितो. ‘हात’ हा शेवटी ठेवून सगळी कारकीर्द त्याच्याकडे वाहत नेली की त्रन्का हे आयुष्यभर सत्तेशी झगडणारे बंडखोर वाटू लागतात. तसे ते नव्हते. त्यांचा प्रत्येक चित्रपट सरकारी पैशावर, सरकारी स्टुडिओत झाला. १९६३ साली त्यांना ‘राष्ट्रीय कलावंत’ ही पदवी मिळाली, म्हणजे ‘हात’च्या अवघी दोन वर्षे आधी. ‘जुन्या चेक आख्यायिका’ हा यिरासेक यांच्या लेखनावर आधारलेला चित्रपट होता, आणि यिरासेक हे त्या राजवटीचे अत्यंत लाडके लेखक होते. शाळाशाळांतून त्यांची पुस्तके आग्रहाने वाचून घेतली जात होती. शीतयुद्धाच्या काळात पश्चिमेला पोलादी पडद्यापलीकडचा हुतात्मा हवा होता आणि अठरा मिनिटांच्या एका लघुपटामुळे त्यांना तो आयता मिळाला. माझी विनंती इतकीच आहे की आपण मराठीत लिहिताना ते वाचन तसेच्या तसे उचलू नये.

शिवाय कलेच्या दृष्टीने पाहिले तर मला ‘हात’पेक्षा ‘श्पालीचेक’ मोठा वाटतो. जत्रेच्या भागात गर्दीतली प्रत्येक बाहुली आपापल्या कामात आहे, आणि त्या गर्दीवर दिग्दर्शकाचा जो लोभ आहे तो रूपकात मावत नाही.

शिसवी

तिसरी घंटा, आपला आक्षेप मी गंभीरपणे घेतो, आणि त्यातली वस्तुस्थिती मला पूर्ण मान्य आहे. त्रन्का बंडखोर नव्हते. पण ‘हात’ची ताकद मला नेमकी त्यातच दिसते. तुरुंगात टाकलेल्या माणसाने हा चित्रपट केला असता तर तो तक्रारीचा चित्रपट झाला असता. हा चित्रपट केला आहे पदवी मिळालेल्या माणसाने. पिंजरा सोन्याचा आहे, कुंभाराच्या डोक्यावर विजयमाला आहे, शेवटी पदके आहेत. ज्या हाताने वीस वर्षे छप्पर, साहित्य, कारागीर आणि वेळ दिला त्याच हाताविषयी तो बोलतो आहे.

आणि हेही खरे आहे की त्या हाताने खरोखरच काही दिले होते. ७०-७५ मिनिटांचा बाहुलीपट करायला महिनोन्‌महिने लागतात, आणि त्यातून पैसा परत येईल की नाही याची विवंचना प्रागमधील स्टुडिओला बाजारातल्या स्टुडिओइतकी करावी लागत नव्हती. बाजाराच्या भरवशावर ‘श्पालीचेक’ झाला असता असे मला वाटत नाही. त्यामुळे ‘सत्ता वाईट आणि कलावंत भाबडा’ इतके सरळ चित्र मीही मांडू इच्छित नाही.

पण हाताला दुसराही अर्थ आहे आणि तो मूळ लेखात मांडायचा राहून गेला. स्टॉप-मोशनमध्ये, म्हणजे बाहुली थोडीथोडी हलवून एकेक चौकट टिपण्याच्या पद्धतीत, प्रत्येक दोन चौकटींच्या मध्ये एक मानवी हात येतो, बाहुलीचा खांदा किंचित वळवतो आणि निघून जातो. प्रेक्षकाला तो कधीच दिसत नाही. तो दिसला तर सगळा भास मोडतो. त्रन्का यांच्या सगळ्या कारकिर्दीत हा हात पडद्याबाहेर होता, आणि शेवटच्या चित्रपटात त्यांनी तो पडद्यावर आणला. बाहुलीच्या जगातला सर्वशक्तिमान कोण, याचे उत्तर बाहुलीपट करणाऱ्याइतके कोणाला ठाऊक असणार? कुंभारही हातानेच घडवतो आणि जुलूमही हातच करतो. घडवणारा हात आणि फर्मावणारा हात एकाच आकाराचे असतात, ही गोष्ट मला सरकारविरोधी रूपकापेक्षा जास्त अस्वस्थ करते.

‘श्पालीचेक’विषयीच्या आपल्या मताशी मी भांडणार नाही. त्यातला येशूजन्माचा भाग मी पुन्हापुन्हा पाहतो.

निरंजनवात

मी स्वतः काही वर्षे जाहिरातींसाठी स्टॉप-मोशन अ‍ॅनिमेशन करत आले आहे, त्यामुळे चेहऱ्याच्या मुद्द्यावर कारागिरीच्या बाजूने लिहिते.

बाहुलीच्या चेहऱ्यावर भाव आणण्याचे साधारण दोन मार्ग आहेत. एक बदलत्या तुकड्यांचा: प्रत्येक भावासाठी वेगळे डोके किंवा वेगळे तोंड करून चौकटीगणिक बदलत जायचे. मूळचे हंगेरीचे आणि नंतर अमेरिकेत गेलेले जॉर्ज पाल यांनी ही पद्धत फार प्रभावीपणे वापरली. दुसरा मार्ग त्रन्का यांचा: एकच डोके, एकच चेहरा. दुसरा मार्ग सोपा वाटतो, कारण तुकडे करावे लागत नाहीत. प्रत्यक्षात तो जास्त अवघड आहे, कारण चूक लपवायला जागाच उरत नाही. मान दोन अंश खाली गेली तर डोळ्यांवर भुवईची सावली पडते आणि बाहुली दुःखी दिसते. तीच मान वर गेली की दिवा गालावर पडतो आणि ती हसल्यासारखी वाटते. त्रन्का डोळे मुद्दामच अनिश्चित नजरेचे रंगवत असत, कोणत्याही एका भावाशी न बांधलेले. त्यामुळे मान वळवणे आणि प्रकाश बदलणे ही दोनच साधने हातात असूनही त्यांना सगळे सप्तक उपलब्ध होते.

आम्ही नवीन असताना चेहरा स्थिर ठेवून भीती दाखवण्याचा प्रयोग करून पाहिला होता. सगळे शरीर थरथरवून काही साधले नाही. अखेर बाहुलीला काही क्षण पूर्ण निश्चल ठेवून मग फक्त खांदा मागे नेला, तेव्हा ती घाबरलेली दिसली. ‘हात’मध्ये दारावर थाप पडते तेव्हा कुंभार आधी थांबतो, हे पुन्हा पाहताना लक्षात घ्यावे.

एक शंका मात्र विचारते. रेखाचित्रांत आपली रेषा दुसरे लोक गिरवतात म्हणून त्रन्का बाहुल्यांकडे वळले, असे आपण लिहिले आहे. पण त्यांच्या चित्रपटांत बाहुल्या हलवण्याचे काम ते स्वतः फारसे करत नव्हते. ब्रेतिस्लाव पोयार, स्तानिस्लाव लाताल, बोहुस्लाव श्रामेक ही मंडळी ते करत. मग दुसऱ्याच्या हाताचा प्रश्न सुटला कुठे?

शिसवी

निरंजनवात, आपल्या प्रतिसादातून मला जे कळले ते कुठल्याही पुस्तकात इतक्या स्वच्छपणे वाचलेले नव्हते.

आपली शंका रास्त आहे. मला त्यातला भेद असा दिसतो. गिरवणारा रेषेच्या जागी स्वतःची रेषा ठेवतो, म्हणजे मूळ वस्तू नाहीशी होते. बाहुली हलवणारा वस्तूला हात लावतो, पण वस्तू तीच राहते. त्रन्का यांनी ठरवलेला गाल, त्यांनी निवडलेले कापड, त्यांनी रंगवलेला डोळा तसाच्या तसा भिंगासमोर असतो. बाहुली हलवणारा नटासारखा असतो, नक्कल करणाऱ्यासारखा नव्हे. नाटककाराने लिहिलेल्या भूमिकेत नट स्वतःचा श्वास घालतो म्हणून नाटक बिघडत नाही. पोयार हे तर या अर्थाने थोर नट होते. ‘बयाया’तील राजपुत्राच्या चालण्यातला संकोच किंवा ‘मिडसमर नाइट्स ड्रीम’मधल्या विणकर बॉटमचा थाट केवळ बाहुली घडवून येत नाही.

पोयार यांनी पुढे स्वतः दिग्दर्शन केले. मद्य पिऊन मोटारसायकल चालवणाऱ्या तरुणावरचा ‘एक पेला जास्त’ हा त्यांचा १९५३ चा लघुपट जरूर पाहावा. वेगाची जी भीती त्यात बाहुलीकडून उभी केली आहे ती खऱ्या माणसांच्या चित्रपटांतही दुर्मीळ आहे. नंतर ते कॅनडाच्या राष्ट्रीय चित्रपट मंडळासाठीही काम करत होते.

पारिजात

स्थिर चेहऱ्याच्या चर्चेत जपानचा उल्लेख व्हायलाच हवा. किहाचिरो कावामोतो हे जपानी बाहुलीपटकार त्रन्का यांच्याकडे शिकण्यासाठी १९६३ साली प्रागला गेले होते. त्रन्का यांचे काम पाहूनच त्यांनी हा मार्ग धरला होता, त्यामुळे गुरूची शैली आत्मसात करावी अशीच त्यांची अपेक्षा असणार. त्रन्का यांनी मात्र त्यांना स्वतःच्या देशातल्या नो आणि काबुकी या नाट्यपरंपरांकडे आणि बुनराकू या बाहुलीनाट्याकडे पाहायला सांगितले. कावामोतो परतले आणि पुढे ‘ओनी’ आणि ‘दोजोजी’ यांसारखे चित्रपट त्यांनी केले, जे पाहताना प्रागची आठवणही येत नाही.

नो रंगभूमीतील मुखवटाही असाच आहे. नट तो किंचित खाली झुकवतो तेव्हा चेहरा झाकोळतो, वर उचलतो तेव्हा उजळतो, आणि या दोन्ही हालचालींना जपानीत स्वतंत्र नावे आहेत. म्हणजे प्रागमधल्या एका कारागिराने स्वतःच्या हाताने शोधलेली गोष्ट जपानने शतकानुशतके जपलेली होती, आणि ती तुझ्याच घरी आहे हे विद्यार्थ्याला सांगण्याइतका तो कारागीर मोठ्या मनाचा होता. शिक्षक म्हणून त्रन्का यांच्याविषयी मला सर्वांत जास्त आदर या एका सल्ल्यामुळे वाटतो. स्कुपा यांच्यासारखा शिक्षक ज्याला लाभला होता त्यालाच तो सुचावा, हेही योग्यच आहे.

पाटीपेन्सिल

मी मुलांच्या वाचनालयात काम करते, म्हणून त्रन्का यांची पुस्तकांची बाजू नोंदवते. ते चित्रपटकार होण्यापूर्वीपासून चित्रे काढत होते आणि शेवटपर्यंत काढत राहिले. अँडरसन, ग्रिम बंधू, अरबी कथा, यान वेरिख यांचे ‘फिमफारुम’, सगळ्यांना त्यांची चित्रे आहेत. १९६८ साली त्यांना बालसाहित्यातले, चित्रकारांसाठीचे हॅन्स ख्रिश्चन अँडरसन पदक मिळाले. चित्रकारांना हे पदक द्यायला १९६६ मध्ये सुरुवात झाली होती, म्हणजे ते मिळवणारे त्रन्का हे दुसरेच.

त्यांनी स्वतः लिहिलेले आणि चितारलेले ‘बाग’ हे १९६२ चे पुस्तक मला विशेष प्रिय आहे. पाच मुलांना एका जुन्या बागेचे दार सापडते आणि आत एक कुरकुरा बोका आणि काही हत्ती राहतात. चित्रांमधली पाने आणि गवत इतके दाट आहे की मुलांची बोटे त्यात वाट शोधत फिरतात. वाचनालयात मी ते पुस्तक उघडून ठेवते तेव्हा मुले मजकूर न कळताही त्यासमोर बसून राहतात. त्याच वर्षी त्यांनी ‘सायबरनेटिक आजी’ केला होता. एका हाताने मुलांसाठी हिरवीगार बाग आणि दुसऱ्या हाताने धातूच्या ओसाड दालनांत हरवलेली नात, हे एकाच वर्षी घडले होते, याचा मी बरेचदा विचार करते.

तिसरी घंटा

शिसवी यांनी हाताचा जो दुसरा अर्थ मांडला त्यामुळे माझा आक्षेप बराच सौम्य झाला आहे, हे मी मोकळेपणाने मान्य करतो. अ‍ॅनिमेशन करणाऱ्याचा अदृश्य हात या बाजूने मी तो चित्रपट कधी पाहिला नव्हता.

‘मिडसमर नाइट्स ड्रीम’विषयी मात्र माझे मत वेगळे आहे. १९५९ च्या कान महोत्सवात त्याच्या तांत्रिक गुणवत्तेचा गौरव झाला आणि तो योग्यच होता. फुलांनी मढलेली पऱ्यांची राणी टायटेनिया आणि तिच्या मागे लवलवत जाणारा पऱ्यांचा झोत हे दृश्य विसरता येत नाही. तरीही संपूर्ण चित्रपट पाहताना मला दमल्यासारखे होते. शेक्सपिअरचे शब्द काढून टाकल्यावर जे उरते त्याला त्यांनी सौंदर्याने इतके गच्च भरले आहे की प्रेक्षकाच्या कल्पनेला जागा राहत नाही. स्थिर चेहऱ्याचा सगळा मुद्दाच हा होता की प्रेक्षकाने काहीतरी स्वतःचे घालावे. इंग्रजी आवृत्तीत नट रिचर्ड बर्टन यांचे निवेदन घालावे लागले, यावरूनही शब्दांची उणीव इतरांना जाणवली असावी असे वाटते. त्या मानाने ‘हात’मधली ती जवळजवळ रिकामी खोली मला उपवासानंतरच्या साध्या जेवणासारखी वाटते.

शिसवी

आपण म्हणता त्यात तथ्य आहे. त्या चित्रपटात मला वेळ काढून पाहावेसे वाटतात ते कामकरी लोकांच्या नाटकाच्या तालमीचे प्रसंग. तेथे ओबडधोबड माणसे आहेत, आणि त्रन्का यांचा जीव नेहमी अशा माणसांवर जास्त होता. राजवाड्यातील प्रेमी युगुले त्यांनी सुंदर केली, पण बॉटम आणि त्याच्या सोबत्यांवर त्यांनी प्रेम केले, असे मला वाटते. प्लझेनच्या नळकाम करणाऱ्याच्या घरात वाढलेल्या माणसाकडून दुसरे काय अपेक्षित असणार?

पाटीपेन्सिल

हा धागा वाचून काल रात्री ‘हात’ पुन्हा पाहिला आणि एक गोष्ट लिहिल्यावाचून राहवत नाही. कुंभाराचा जीव तो हात घेत नाही. तो पिंजऱ्यातून निसटतो, घरी येतो, दारे-खिडक्या बंद करून घेतो. कोणी ओढून नेऊ नये म्हणून आपले रोपटे तो कपाटावर उंच ठेवतो, आणि तीच कुंडी त्याच्या डोक्यावर पडते. त्याने स्वतः घडवलेली, ज्या कुंडीसाठी तो सगळ्याला नाही म्हणत होता तीच कुंडी. आजवर मी हे पाहत आले, पण मला ते कधी दिसले नव्हते.

शिसवी

मलाही नाही. ‘हाताने कुंभाराला मारले’ असेच मी मनात धरून चाललो होतो. आता आपण लिहिल्यावर आणखी एक गोष्ट आठवते: ज्या कपाटावरून कुंडी पडते त्याच कपाटात हात त्याला पदकांसह उभा करून ठेवतो. शवपेटी बाहेरून आणावी लागत नाही. ती त्याच्या खोलीत पहिल्या दृश्यापासून उभी असते.